टँगोतला ‘मी’ कोण? : दिसेपोलो नावाच्या नटाविषयी

गीतकाराची गाणी पुस्तकात छापली गेली की त्यांतला ‘मी’ आपण नकळत गीतकाराच्याच खाती जमा करतो. गाणे ऐकताना मध्ये गायक असतो, वाद्यमेळ असतो, पडद्यावर एखादे पात्रही असते. छापील पानावर ही सगळी मंडळी निघून जातात आणि एकटा ‘मी’ शिल्लक राहतो. मग त्या ‘मी’चे चरित्र शोधणे सुरू होते. वर्गात ‘कवीला येथे असे म्हणावयाचे आहे’ या वाक्याने जे सुरू होते, त्याचाच हा पुढचा टप्पा होय. वास्तविक लावणीतल्या विरहिणीला कोणी शाहीर समजत नाही. परंतु आधुनिक गीतकारापाशी आलो की हे साधे भान आपण सोडून देतो.

अर्जेंटिनाच्या एन्रिके सान्तोस दिसेपोलो (१९०१–१९५१) याच्या बाबतीत नेमके हेच झाले आहे. टँगोचा तत्त्वज्ञ, शहरी नैराश्याचा कवी, विसाव्या शतकावर फिर्याद दाखल करणारा भाष्यकार अशी त्याची ख्याती आहे. टँगो म्हणजे नाचता येणारा एक दुःखी विचार, हे वाक्य त्याच्या नावावर सांगितले जाते आणि त्या वाक्यानेच त्याची ओळख करून देण्याचा प्रघात आहे. या सगळ्यात एक गोष्ट मात्र मागे पडते. दिसेपोलो आधी नट होता आणि शेवटपर्यंत नटच राहिला. त्याची चित्रपटांतली कामे चरित्रकार परिशिष्टात टाकतात. आमच्या मते त्याच्या गाण्यांची गुरुकिल्ली तेथेच आहे आणि त्याच्या शोकान्तिकेचीही.

दिसेपोलोचा जन्म २७ मार्च १९०१ रोजी ब्युनॉस आयर्समध्ये झाला. वडील सान्तो हे नेपल्सहून आलेले संगीतकार. मुलगा पाच वर्षांचा असताना ते गेले आणि आणखी काही वर्षांत आईही गेली. पोरक्या एन्रिकेला त्याच्याहून चौदा वर्षांनी मोठा असलेला भाऊ आर्मान्दो याने वाढवले. आर्मान्दो दिसेपोलो हे अर्जेंटिनाच्या रंगभूमीवरचे मोठे नाव. ‘ग्रोतेस्को क्रिओल्यो’ या नाट्यप्रकाराचा तो प्रमुख नाटककार मानला जातो. इटलीहून पोटासाठी आलेले लोक, त्यांची अर्धी इटालियन अर्धी स्पॅनिश बोली, एका खोलीत कोंबलेली कुटुंबे आणि हातातून निसटलेली स्वप्ने हा या नाटकांचा ऐवज. ‘मातेओ’ (१९२३) या नाटकात मोटारगाड्यांच्या जमान्यात भाकरीला महाग झालेला घोडागाडीवाला आहे. ‘स्तेफानो’ (१९२८) मध्ये थोर संगीत लिहिण्याच्या ईर्षेने परदेशी आलेला आणि विफल झालेला वादक आहे. या नाटकांत हसू आणि रडू पाळीपाळीने येत नाही. एकाच चेहऱ्यावर एकाच क्षणी येते. प्रेक्षक हसतो आणि हसल्याबद्दल मनात ओशाळतो.

एन्रिके याच शाळेत शिकला. वयाच्या सोळाव्या वर्षाच्या आसपास तो रंगमंचावर आला, भूमिका करू लागला आणि नाटकेही लिहू लागला. ‘एल ऑर्गानितो’ (१९२५) हे नाटक दोघा भावांनी मिळून लिहिले. गाण्यांकडे तो वळला तो या वाटेने. संगीताचे रीतसर शिक्षण त्याला नव्हते. पियानोवर चाल चाचपडत बसवायची आणि जाणकाराकडून ती स्वरलिपीत उतरवून घ्यायची, अशी त्याची रीत होती. संगीतकार म्हणून ही उणीवच. पण नट म्हणून हिचा लाभ झाला असे आम्हांला वाटते. त्याच्या चालींत सुरावटीचा विलास कमी आणि बोलण्याचा चढउतार अधिक आहे. ओळ कोठे अडखळते, कोठे एका श्वासात धावते, कोठे मध्येच कडवट हसते, हे सारे संवाद म्हणणाऱ्या माणसाच्या जिभेला ठाऊक असलेले आहे.

त्याचा ‘के वाचाचे’ हा टँगो १९२६ साली मोंतेविदेओच्या रंगमंचावर साफ पडला. त्या गाण्यात एक बाई आपल्या कफल्लक आदर्शवादी जोडीदाराची हजेरी घेते. नीतीने पोट भरत नाही, पैसा आण, असे ती त्याला बजावते. प्रेमभंगाच्या हळव्या टँगोची सवय असलेल्या श्रोत्यांना हे रुचले नाही. १९२८ साली आसुसेना मायसानीने ‘एस्ता नोचे मे एम्बोर्राचो’ गायले आणि दिसेपोलोचे नाव एकदम सर्वतोमुखी झाले. मग पडलेला टँगोही पुन्हा उभा राहिला. त्यापुढच्या दोनतीन वर्षांतली गाणी एका ओळीत मांडून पाहावीत. एक जण पहाटे आपल्या जुन्या प्रेयसीला उतारवयाच्या अवकळेत पाहतो आणि दारूकडे वळतो. एक जण बायकोने आणि तिच्या माहेरच्यांनी आपल्याला कसे लुबाडले याचा पाढा वाचतो. बायको सोडून गेल्याचा विजयोत्सव करणारा एक आहे. प्रेमात पडल्यामुळे चाकू चालवण्याची हिंमत गमावलेला एक गल्लीतला दादाही आहे. आणि जिच्यावर प्रेम आहे तिने आपल्याला सोडून सुखी व्हावे म्हणून मुद्दाम तिच्याशी वाईट वागलेला एक, १९३१ च्या ‘कोन्फेसिओन’मध्ये, कबुली देत उभा आहे. हे एका कवीचे आत्मनिवेदन नव्हे. ही एका नटाची पात्रावळ आहे आणि प्रत्येक गाणे म्हणजे एक स्वगत आहे.

या विधानाला एक पुरावा आहे आणि तो चित्रपटाच्या फितीवर आहे. १९३० साली एदुआर्दो मोरेरा या दिग्दर्शकाने कार्लोस गार्देलची गाणी घेऊन बोलके लघुपट केले. अर्जेंटिनातले हे आरंभीचे ध्वनिचित्रण. त्यांपैकी ‘यिरा, यिरा’च्या लघुपटात गाणे सुरू होण्यापूर्वी गार्देल आणि दिसेपोलो कॅमेऱ्यापुढे उभे राहून थोडे बोलतात. या गाण्यातून तुला काय साधावयाचे होते, असे गार्देल विचारतो. एकाकीपणाचे आणि आशाभंगाचे गाणे, असे दिसेपोलो सांगतो. मग गार्देल जो प्रश्न करतो तो आमच्या दृष्टीने फार मोलाचा आहे. हे पात्र मुळात भला माणूस आहे ना, असे तो विचारतो. दिसेपोलो होकार देतो आणि पात्राचा पूर्ववृत्तान्त सांगतो. माणसे एकमेकांची भावंडे आहेत या सुंदर आशेवर हा माणूस चाळीस वर्षे जगला आणि चाळिसाव्या वर्षी एके दिवशी त्याला उमगले की माणसे श्वापदे आहेत. तो बोलतो ते कडवट आहे खरे, पण एवढी वाट पाहिलेल्या माणसाने मजेचे बोलावे तरी कसे, असा या संभाषणाचा शेवट आहे.

लेखक आणि गायक येथे ज्या भाषेत बोलत आहेत ती तालमीची भाषा आहे. ‘मला असे वाटले’ असे लेखक म्हणत नाही; ‘तुझे दुःख’ असे गायकही म्हणत नाही. दोघांच्या मध्ये एक तिसरा माणूस उभा आहे आणि तो भला की बुरा हे ठरल्याखेरीज त्याची कडवट वाक्ये कोणत्या आवाजात म्हणायची ते ठरत नाही. शिवाय हे सांगताना दिसेपोलो स्वतः चाळिशीचा नव्हता, एकोणतिशीचा होता. शब्दांतला शिणवटा त्याच्या वयाचा नाही, भूमिकेचा आहे. त्या माणसाला रस्त्यावरच्या बोलीतून, लुन्फार्दोतून, शब्द मिळाले. ‘यिरा’ हा शब्दच मुळात इटालियन ‘फिरणे’तून आलेला आणि रस्त्यावर गिऱ्हाईक शोधत फिरणाऱ्या स्त्रीला चिकटलेला. तो जगाच्या फिरण्याला लावणे ही एका नाटककाराची करामत आहे.

१९३० च्या सप्टेंबरात लष्कराने इरिगोयेन यांचे निवडून आलेले सरकार उलथून टाकले आणि अर्जेंटिनाच्या इतिहासात ‘कलंकित दशक’ म्हणून ओळखला जाणारा काळ सुरू झाला. मंदी आणि निवडणुकांतली लबाडी यांचाच हा काळ बोलपटाच्या उदयाचाही होता. १९३३ साली ‘टँगो!’ हा चित्रपट आला. त्याच्या नावातच नव्या उद्योगाचे भांडवल काय होते ते कळते. रेडिओ आणि ध्वनिमुद्रिकांनी लोकप्रिय केलेल्या गायकांना पडद्यावर आणायचे आणि गाण्यांच्या आधाराने कथानक ओढत न्यायचे. या उद्योगाला दिसेपोलो हवा होता. पण गाणी पुरवणारा म्हणून.

मारियो सोफिसी दिग्दर्शित ‘एल आल्मा देल बान्दोनेओन’ (१९३५) या चित्रपटासाठी त्याने ‘काम्बालाचे’ लिहिले. चित्रपट झळकण्यापूर्वीच, १९३४ साली, सोफिया बोसानने ते रंगमंचावर गायले होते. पडद्यावर ते एर्नेस्तो फामाने गायले. ‘काम्बालाचे’ म्हणजे जुन्यापान्या वस्तूंचे दुकान. अशा दुकानाच्या काचेआड धर्मग्रंथ आणि पाणी तापवण्याचा बंब शेजारी शेजारी पडलेले असतात, तसे या शतकात संत आणि दरोडेखोर एका पंगतीला बसले आहेत, अशी या गाण्याची कल्पना. या गाण्याची आज जगभर भाषांतरे होतात आणि ते सार्वकालिक सत्य म्हणून उद्धृत केले जाते. वास्तविक त्यात नावांची जी यादी आहे ती अगदी त्या हंगामातल्या वर्तमानपत्राची आहे. १९३४ च्या आरंभी फ्रान्सला हादरवणाऱ्या घोटाळ्यातला स्ताविस्की, त्याच सुमारास जगज्जेता असलेला मुष्टियोद्धा कार्नेरा, अर्जेंटिनातला माफिया म्होरक्या ‘दोन चिचो’, आणि त्यांच्या रांगेत नेपोलियन व राष्ट्रपिता सान मार्तिन! रंगमंचावरचा विदूषक सकाळचे वर्तमानपत्र वाचून रात्री जी टोलेबाजी करतो, तिची ही जात आहे. पुढच्या काळात स्ताविस्की विस्मृतीत गेला आणि कित्येक गायक त्या जागी ‘स्त्राविन्स्की’ म्हणू लागले. एका ठगाच्या जागी एक थोर संगीतकार बसला आणि फारसे कोणाच्या लक्षातही आले नाही. सगळेच सारखे झाले आहे, असे म्हणणाऱ्या गाण्याच्या बाबतीत याहून समर्पक अपघात दुसरा कोणता व्हावा? पण या अपघातातून हेही कळते की पात्र, प्रसंग आणि तारीख पुसून टाकली की तत्त्वज्ञान उरते, मात्र थट्टा मरते.

दिसेपोलो स्वतः पडद्यावर नियमितपणे आला तो १९३७ पासून. त्या वर्षी भावाच्या ‘मातेओ’वरून दानिएल तिनायरेने केलेल्या चित्रपटात आणि ‘मेलोदियास पोर्तेन्यास’मध्ये त्याने कामे केली. काटकुळी अंगकाठी, लांब नाक, मोठे डोळे आणि सतत काहीतरी सांगू पाहणारे हात. नायकाचे रूप त्याच्याकडे नव्हते आणि ते असल्याचा आवही त्याने आणला नाही. १९३९ ते १९४३ या काळात त्याने सहा चित्रपट दिग्दर्शित केले. ‘क्वात्रो कोराझोनेस’ हा पहिला, कार्लोस श्लीपरच्या साथीने केलेला, आणि नीनी मार्शालचा ‘कान्दिदा, ला मुहेर देल आन्यो’ हा शेवटचा. हे चित्रपट हलक्याफुलक्या विनोदाच्या चाकोरीतले आहेत. त्यांत चातुर्य आहे, परंतु ‘यिरा, यिरा’ची धार नाही. याचे कारण आम्हांला असे दिसते की तीन मिनिटांच्या गाण्यात त्याला एकच माणूस लागे आणि त्या माणसाचे गतायुष्य तो न सांगताही सुचवू शके. दीड तासाच्या सुखान्त कथेत स्टुडिओला हव्या असलेल्या गोडव्यात ती कला विरघळून जाई. दिग्दर्शक दिसेपोलो हा नट दिसेपोलोपुढे दुय्यम होता, हे मान्य करण्यात त्याचा अवमान नाही.

१९४३ च्या लष्करी राजवटीत रेडिओवर भाषाशुद्धीचा दंडक आला. लुन्फार्दो शब्द काढून टाकण्याची सक्ती झाली आणि गायकांना जुने टँगो ‘सुधारून’ गावे लागले. पात्राच्या तोंडची बोली काढून घेणे म्हणजे पात्रच काढून घेणे, हे नाटकाच्या कोणत्याही विद्यार्थ्याला समजेल. त्याच वर्षी मारियानो मोरेसच्या चालीवर दिसेपोलोने लिहिलेला ‘उनो’ आला. प्रमाणभाषेत, मोठ्या स्वरात, जवळजवळ प्रार्थनेसारखा. तो सुंदर आहे. पण त्यातला ‘मी’ आता कोणत्या गल्लीत राहतो हे सांगता येत नाही.

१९५१ हे त्याच्या आयुष्याचे शेवटचे वर्ष आणि सर्वांत अवघडही. त्या वर्षी मानुएल रोमेरोने दिग्दर्शित केलेला ‘एल इंचा’ प्रदर्शित झाला. ‘इंचा’ म्हणजे फुटबॉल संघाचा निस्सीम चाहता. दिसेपोलोने येथे एक कारागीर रंगवला आहे. आपला क्लब खालच्या श्रेणीत घसरू नये या काळजीत त्याचे लग्न वर्षानुवर्षे लांबत गेले आहे. एका प्रसंगी तो चाहत्याची बाजू मांडणारे भाषण करतो. चाहता नसेल तर क्लबला अर्थ काय, खेळाडूच्या अंगातल्या सदऱ्याला प्राण कोण देतो, असा त्याचा सवाल आहे. अर्जेंटिनात हे भाषण आजही आठवले जाते. पण ते भाषण वेगळे काढून ऐकणारे हे विसरतात की चित्रपटात आपण त्या माणसाला हसतही असतो. त्याची निष्ठा उदात्त आहे आणि त्याच वेळी हास्यास्पद आहे. आर्मान्दोच्या रंगभूमीचे देणे असे शेवटच्या भूमिकेत पूर्ण फळाला आले.

त्याच वर्षी तो आकाशवाणीच्या ध्वनिक्षेपकापुढे बसला. ११ नोव्हेंबरच्या अध्यक्षीय निवडणुकीपूर्वी हुआन पेरोन यांच्या सरकारच्या बाजूने त्याने भाषणमाला केली. संहितेचा मूळ मसुदा इतरांचा असे, ढंग त्याचा. या भाषणांत तो एका काल्पनिक विरोधकाशी बोलतो. पुढे त्याला त्याने ‘मोर्दिस्कितो’ असे नाव दिले. चहा मिळत नाही, चीज मिळत नाही म्हणून कुरकुरणारा आणि कामगाराच्या घरात प्रथमच आलेले सुख मात्र न पाहणारा असा हा गृहस्थ. पेरोन मोठ्या बहुमताने निवडून आले. दिसेपोलोला मात्र जुन्या मित्रांनी तोंड फिरवल्याचे, अपमानाची पत्रे आल्याचे पाहावे लागले. खंगत खंगत २३ डिसेंबर १९५१ रोजी, वयाच्या अवघ्या पन्नासाव्या वर्षी, तो गेला.

येथे टीकाकारांचे दोन तट पडतात. एका तटाला ‘काम्बालाचे’चा कवी हवा आहे, सरकारचा भाट नको. दुसऱ्या तटाला जनतेचा सोबती हवा आहे आणि जुने नैराश्य हे केवळ त्याची पूर्वतयारी वाटते. दोघेही ‘मी’ म्हणजे दिसेपोलो असेच धरून चालतात. आमच्या मते रेडिओवरचा तो आवाजही भूमिकेचाच आवाज होता. त्याच लकबी, तीच गल्लीतली सलगी, तोच समोरच्याला टोचण्याचा लोभ. मग दोष कोठे आहे? त्याच्या राजकीय मतांत आम्ही तो शोधत नाही; पोरकेपणात आणि गरिबांच्या शहरात वाढलेल्या माणसाने कामगारांना सुट्टी, वेतन आणि मान देणाऱ्या राजवटीच्या बाजूने उभे राहणे यात न समजण्यासारखे काही नाही. दोष आहे तो नाट्याचा. मोर्दिस्कितो उत्तर देत नाही. त्याला चेहरा नाही, गतायुष्य नाही. तो भला माणूस आहे काय, हा गार्देलचा प्रश्न त्याच्याविषयी कोणी विचारत नाही. ज्या राज्यात विरोधकांना रेडिओवर जवळजवळ जागाच नव्हती, तेथे विरोधकाचे पात्र मुके असणे हा नुसता कलेतला उणेपणा राहत नाही. ‘एल इंचा’तल्या वेड्या चाहत्याला हसण्याची मुभा प्रेक्षकाला होती. रेडिओवरच्या चाहत्याला हसण्याची मुभा श्रोत्याला राहिली नाही, म्हणून श्रोता चिडला. शिवाय या कार्यक्रमाचे नावच ‘मी विचार करतो आणि जे वाटते ते बोलतो’ अशा अर्थाचे होते. जन्मभर मुखवट्यातून खरे बोललेल्या नटाने मुखवटा नाही असे जाहीर केले आणि लोकांनी त्याला शब्दशः धरले.

कोणी म्हणेल की सगळेच भूमिका मानले तर लेखक कशालाच जबाबदार राहत नाही. हा आक्षेप गंभीर आहे. परंतु भूमिका म्हणजे पळवाट नव्हे. नट आपल्या पात्राला न्याय देण्यास बांधलेला असतो आणि ज्याच्याशी पात्र बोलते त्यालाही. ‘यिरा, यिरा’मध्ये हा न्याय आहे, ‘कोन्फेसिओन’मध्ये आहे, ‘एल इंचा’मध्ये आहे. भाषणमालेत तो निम्माच आहे. दिसेपोलोची जबाबदारी मोजण्याचे माप त्याच्याच गाण्यांनी आपल्या हाती ठेवले आहे. ते सोडून पक्षाचे माप लावण्याची गरज नाही.

१९५१ सालीच होमेरो मान्सी या कवीने मरणपंथाला लागलेला असताना ‘दिसेपोलीन’ हा टँगो लिहिला आणि आनीबाल त्रोइलोने त्याला चाल दिली. मान्सी मे महिन्यात गेला, दिसेपोलो डिसेंबरात. मित्राने मित्रावर लिहिलेल्या त्या गाण्यात दिसेपोलो इतरांच्या दुःखाने विव्हळणारा माणूस म्हणून येतो. ‘इतरांच्या’ हा शब्द आम्हांला निर्णायक वाटतो. आपले दुःख गाणारे कवी पुष्कळ होऊन गेले. दुसऱ्याचे दुःख त्याच्याच बोलीत, त्याच्याच वयाचे होऊन, त्याच्या हास्यास्पद बाजूसकट बोलून दाखवणे हे नटाचे काम आहे. दिसेपोलोचे शब्द वर्गात वाचायचे असतील तर ते मोठ्याने वाचावेत, आणि वाचण्यापूर्वी तो एकच प्रश्न विचारावा: हे पात्र भला माणूस आहे ना?